इसाराच्या दाव्यात तडजोड कशी करावी?

प्रश्न (अंबाजोगाई): दीड एकराची इसारपावती (आगाऊ रक्कम देऊन केलेला खरेदीचा करार) झाली, भाव वाढला अन् मालक फिरला. मी दावा लावला. आता तो दोन लाख वाढवून मागतोय. बाँडवर (स्टँप पेपरवर) लिहून घेऊन दावा मागे घेऊ का?

उत्तर: दावा मुळीच मागे घेऊ नका, भाऊ! बाँडच्या भरवशावर माणसं पुन्हा कोर्टात आलेली पाहिलीत. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23, नियम 3 खाली लेखी तडजोड दाखल करा, दोघांच्या सह्यांनिशी. गट नंबर, चतुःसीमा, ताबा, खरेदीखताची मुदत, सगळं मांडा. हुकूमनामा (कोर्टाचा निकाल) झाल्यावर मालक फिरला, तर दरखास्त (निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज) लावून कोर्टामार्फत खरेदीखत होतं. सातबाऱ्यावर मालकाच्या बहिणी आहेत का? त्यांच्या सह्यांशिवाय पुढं जाऊ नका.

उत्तर: तडजोड लोकअदालतीत ठेवा. निवाड्यावर अपील नाही, कोर्ट फीही परत मिळते.

प्रश्नकर्ता: एका बहिणीचं नाव आहे, परळीला दिलेली. आधी तिला भेटतो.