‘रूपांतर’, ‘आधारित’ की ‘बेतलेला’?

बोरूबहाद्दर: बल्गेरियन लेखक वालेरी पेत्रोव्ह (१९२०–२०१४) यांच्यावर टिपण लिहितोय. १९८१च्या ‘यो हो हो’ची पटकथा त्यांची, दिग्दर्शक झाको हेस्किया. तरसेम सिंग यांचा २००६चा ‘द फॉल’ त्यावरूनच निघाला. त्याला रूपांतर म्हणावं की आधारित? आणि पेत्रोव्ह पटकथाकार की पटकथालेखक?

कात्री: दुसऱ्याचं उत्तर सोपं, दोन्ही चालतं. पण तेवढ्यावर थांबू नका. शिक्षणाने डॉक्टर, पिंडाने कवी. दिग्दर्शक रांगेल वल्चानोव्ह यांच्यासाठी १९५८चा ‘छोट्या बेटावर’ आणि १९६२चा ‘सूर्य आणि सावली’ लिहिला तोही कवी म्हणूनच, असं मला वाटतं.

रूपांतर म्हणजे देवलांचं ‘झुंझारराव’. नावं, पेहराव इथले, प्रसंग ‘ऑथेल्लो’चे. पेत्रोव्ह यांनी शेक्सपिअरची सगळी नाटकं बल्गेरियनमध्ये आणली, ते भाषांतर. ‘द फॉल’ दोन्हींत बसत नाही. मूळ चित्रपटात हात मोडलेला मुलगा आणि अंथरुणाला खिळलेला नट एकाच रुग्णालयात आहेत. नट त्याला चाच्यांची गोष्ट रंगवून सांगतो, पण डाव वेगळाच: जीव देण्यापुरतं औषध त्या पोराकडून चोरून आणवायचं. तरसेमनी हा सांगाडा ठेवला. मुलाची मुलगी झाली, नटाचा स्टंटमन, रुग्णालय लॉस एंजेलिसला गेलं, आणि आतली गोष्ट तर पार नवी. तिच्यात जोधपूरची निळी घरंसुद्धा येतात. म्हणून ‘बेतलेला’. शिंपी बेततो तसंच, माप जुनं, कापड वेगळं. ‘आधारित’ चूक नाही, पण सरकारी परिपत्रकासारखं वाटतं.

बोरूबहाद्दर: आणि ‘प्रेरित’?

कात्री: नको हो. मूळ लेखकाचं नाव (आणि पैसे) टाळायचे असले की हा शब्द श्रेयनामावलीत उगवतो. इथे पेत्रोव्ह यांना रीतसर श्रेय आहे.

बोरूबहाद्दर: पटलं. मग आणखी एक वाक्य तपासाल का? ‘१९७० साली रशियन लेखक सोल्झेनित्सिन यांच्या नोबेलचा निषेध करणाऱ्या पत्रावर सही न करणं त्यांच्या कारकिर्दीवर बेतलं.’

टाकसाळ: मध्येच बोलतो. ‘जिवावर बेतलं’ म्हटलं की वाचक शेवटच्या संकटाची वाट पाहतो. पेत्रोव्ह यांना कम्युनिस्ट पक्षातून काढलं हे खरं, पण लेखणी थांबली नाही. तुमचा ‘यो हो हो’ त्यानंतरचाच. ‘अंगाशी आलं’ लिहा.