घातांकाची नित्य समानता सुटत नाहीये, आजच मदत हवी (नववी)

विश्रामबागची_आई: उद्या मुलाची चाचणी आहे, लवकर सांगा. (क्ष^अ ÷ क्ष^ब) × (क्ष^ब ÷ क्ष^क) × (क्ष^क ÷ क्ष^अ) = 1 सिद्ध करायचंय. सगळे नियम लावून झाले, 1 येतच नाही.

मिरज_जंक्शन: ताई, यात अडकण्यासारखं काय आहे? भागाकारात घातांक वजा होतात. अ-ब, ब-क, क-अ. बेरीज 0, आणि क्ष^0 = 1. झालं की.

कृष्णाकाठ: एवढं सोपं नववीला कोण विचारतंय? ताई, कंसांच्या बाहेर घात आहेत का? आणि तुमचं उत्तर काय येतंय? नुसतं "येत नाही" म्हटल्यावर आम्हाला काय कळणार?

विश्रामबागची_आई: आहेत की. पहिल्या कंसावर अ+ब, मग ब+क, मग क+अ. आमचं क्ष^(2अ+2ब+2क) येतंय.

अजिंक्यतारा: आकडे घालून बघा. क्ष=2, अ=3, ब=2, क=1. मग 2^5 × 2^3 × 2^(-8), म्हणजे 32 × 8 ÷ 256 = 1. मी कायम असंच करतो.

मिरज_जंक्शन: हा पडताळा झाला, सिद्धता नव्हे. पेपरात एक मार्क पडणार नाही.

अजिंक्यतारा: मार्कांचं कोण बोलतंय? त्यांच्या रीतीनं पहिला कंस 64 येतो, यायला हवा 32. चूक कुठल्या पायरीला आहे ते लगेच सापडलं की नाही?

भडंगप्रेमी: शंभर फुटी रोडला चांगला क्लास आहे, व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. बाकी 0 चा 0 घात किती, हे मला अजून कुणी नीट सांगितलेलं नाही.

कृष्णाकाठ: त्याला वेगळा धागा काढा. ताई, तुमच्याकडे अ-ब आणि अ+ब यांची बेरीज झालीये, म्हणून 2अ आले. बेरीज कधी करायची, तर सारख्या पायाच्या दोन घातांचा गुणाकार असेल तेव्हा. इथे घाताचा घात आहे. (क्ष^3)^2 म्हणजे क्ष^3 × क्ष^3, क्ष^6, क्ष^5 नाही. म्हणून घातांक गुणायचे: (अ-ब)(अ+ब) = अ²-ब². पुढचे दोन ब²-क² आणि क²-अ². बेरीज 0. सुरुवातीला "क्ष शून्य नाही" हे लिहायला सांगा, आणि फक्त डावी बाजू सोडवत जायचं.

विश्रामबागची_आई: क्लास नकोय हो. अ²-ब² कळलं त्याला. पण पुढच्या गणितात बाहेर अ²+अब+ब² आहे, तिथे काय?

कृष्णाकाठ: आत अ-ब तेच आहे ना? मग गुणाकार अ³-ब³. उरलेलं त्याचं त्याला करू द्या.