काटेरी पाय की काटेरी देठ? 'ॲकँथोपोडस'ला मराठीत एकच शब्द हवा का?

आर्वीकर मास्तर (धागा सुरू करणारे)

आमच्या शाळेत गावच्या शिवारातल्या झाडाझुडपांचा आणि किड्यांचा संग्रह मांडायचं काम चालू आहे. प्रत्येक नमुन्याखाली एक चिठ्ठी, चिठ्ठीवर ओळखीची खूण, आणि ती मराठीतच लिहायची असं ठरलं आहे. 'ॲकँथोपोडस' या विशेषणापाशी आमचं एकमत होईना. ग्रीकमध्ये 'ॲकँथा' म्हणजे काटा आणि 'पोडोस' म्हणजे पायाचा. सरळ अर्थ झाला काटेरी पायांचा. एका सहकाऱ्यांचं म्हणणं की सगळीकडे 'कंटकपाद' (कंटक म्हणजे काटा, पाद म्हणजे पाय) लिहा आणि मोकळे व्हा. माझा याला विरोध आहे.

शब्द दुर्मीळ आहे, पण त्याच्या गोतावळ्यातले शब्द जिथे जिथे भेटतात तिथे 'पाय' वेगळाच निघतो. वनस्पतिशास्त्राच्या जुन्या शब्दसंग्रहांत त्याचा अर्थ दिलेला असतो: ज्याच्या पानाच्या देठाला काटे आहेत असा. म्हणजे तिथे पाय म्हणजे देठ. आपल्याकडचा ताड बघा. पानाच्या देठाच्या दोन्ही कडांना काळे, टणक दाते असतात, हात घसरला तर सोलून निघतो. शिंदीच्या पानाच्या खालच्या भागात लांब सुयांसारखे काटे असतात. फडे बांधायला पानं तोडणाऱ्यांना ते पुरते ठाऊक आहेत. भुईरिंगणीच्या देठावर पिवळे काटे. भंडारा-गोंदियाच्या तलावांतल्या कमळाचा देठसुद्धा खरखरीत, बारीक काट्यांचा.

प्राण्यांकडे वळलं की पाय म्हणजे पायच. नाकतोड्याची मागची तंगडी हातात धरून पाहा, नळीवर, म्हणजे गुडघ्याखालच्या लांब भागावर, काट्यांच्या दोन ओळी दिसतील. सूक्ष्मजीवांत आणखी तिसरी गोष्ट. मातीत आणि पाण्यात राहणारा 'ॲकँथमीबा' नावाचा अमीबा आहे, हे नाव १९३१ चं. त्याच्या अंगातून बारीक, निमुळते फुटवे निघतात. अमीबाच्या अशा तात्पुरत्या पायांना छद्मपाद म्हणतात, आणि या काट्यासारख्यांना 'ॲकँथोपोडिया'. ते मऊ असतात, कोणाला टोचत नाहीत, फक्त दिसतात काट्यासारखे. आणि कच्छ-राजस्थानच्या वाळूतला 'ॲकँथोडॅक्टिलस' सरडा घ्या. त्याच्या भाईबंदांना इंग्रजीत काटेरी पायांचे सरडे म्हणतात, पण असते ती बोटांच्या कडेची खवल्यांची झालर, वाळूवर पळताना पाय रुतू नये म्हणून.

देठ, तंगडी, छद्मपाद, झालर. या चारही ठिकाणी 'कंटकपाद' लिहिलं तर आठवीतल्या पोराला काय दिसेल? माझं मत: झाडाला 'काटेदेठी', किड्याला 'काटेपायी', अमीबाला 'काट्यांसारखे छद्मपाद'. काटा कुठे आहे ते शब्दातच यावं.

परिभाषाप्रेमी, नागपूर

सर, तळमळ पटली, निष्कर्ष पटला नाही.

तुमची मुलं दहावीत प्राण्यांचं वर्गीकरण शिकतील तेव्हा 'संधिपाद' (सांध्यांच्या पायांचे), 'कंटकचर्मी' (काटेरी कातडीचे), 'मृदुकाय' (मऊ अंगाचे) हे शब्द त्यांना भेटणारच आहेत. 'कंटक' आणि 'पाद' दोन्ही तुकडे त्यांच्या ओळखीचे होतील, 'कंटकपाद' आपोआप उलगडेल. परिभाषेचं बळ असं एकमेकांत गुंतलेल्या शब्दांत असतं. प्रत्येक शाळा आपापल्या शिवारापुरता शब्द घडवू लागली तर आर्वीचा 'काटेदेठी' अचलपुरात 'काटेरी दांडीचा' होईल आणि गडचिरोलीत आणखी काही. राज्य सरकारच्या भाषा संचालनालयाने इतकी वर्षं परिभाषेचे कोश तयार केले ते ही फाटाफूट टाळायलाच.

दुसरं, मूळ ग्रीक शब्दही अर्थ संदर्भावर सोडतो. तिथे देठ आणि तंगडी यांना एकच 'पाय' चालतो, तर मराठीवरच जास्तीची सक्ती का? देठासाठीचा लॅटिन शब्दही 'छोटा पाय' अशाच अर्थाचा आहे. झाडाला पाय असतो ही कल्पना आपल्यालाही परकी नाही, झाडाला 'पादप', म्हणजे पायाने पिणारा, म्हणणारी भाषा आहे आपली.

अकरावी-बारावी जीवशास्त्र, अमरावती

दोघांशीही असहमत. मूळ शब्दच देवनागरीत लिहा.

माझे विद्यार्थी खेड्यांतून येतात, दहावीपर्यंत मराठी माध्यम, पुढे सगळं इंग्रजी. तिथे त्यांचा खरा अडथळा असतो शब्दांचे तुकडे न ओळखता येणं. 'ॲकँथा' आणि 'पोड' हे दोन तुकडे आठवीत कळले तर ॲकँथोसेफाला म्हणजे काटेरी डोक्याचे कृमी, गॅस्ट्रोपोडा म्हणजे पोटाच्या पायाने सरकणारे, सेफॅलोपोडा म्हणजे डोक्यालाच पाय असलेले, हे त्यांना पाठ करावं लागत नाही. एक किल्ली, अनेक कुलपं. 'काटेदेठी' शिकलेलं मूल अकरावीत पुन्हा शून्यावर येतं, आणि त्याची किंमत शहरातल्या मुलाला मोजावी लागत नाही, खेड्यातल्या मुलाला लागते. हे मला मनापासून खुपतं म्हणून लिहिते आहे.

आर्वीकर मास्तर

ताई, तुमचा मुद्दा जड आहे, तो मी बाजूला सारत नाही. मूळ शब्द चिठ्ठीवर खाली बारीक अक्षरांत असावाच. पण ओळख म्हणून वर तो नको. आठवीचं मूल अजून कुलपापाशी पोचलेलंच नाही, ते झाडापाशी उभं आहे. आणि त्या किल्लीने चुकीचं कुलूपही उघडतं. 'ॲकँथोपिडी' हे मध्य आणि दक्षिण अमेरिकेतल्या प्रार्थनाकीटकांचं कुळ. पुढच्या पायांना काटे असतातच, त्यामुळे कोणीही म्हणेल 'काटेरी पायांचे'. पण ते नाव 'ॲकँथॉप्स' वरून आलं आहे आणि त्यातला 'ऑप्स' म्हणजे डोळा किंवा चेहरा. पायाचा तिथे संबंध नाही. तुकडे पाडून अर्थ काढायची सवय लावताना किडा समोर ठेवावाच लागतो.

परिभाषाप्रेमी, 'संधिपाद' आणि 'छद्मपाद' मी रोज शिकवतो. 'पाद' म्हटलं की वर्गात काय होतं ते मराठी शाळेत शिकवलेल्या कोणालाही विचारा. मुली मान खाली घालतात, पोरं एकमेकांना कोपर मारतात, आणि पुढची पाच मिनिटं धड्याची राहत नाहीत. रूढ झालेले शब्द आम्ही निभावतो. नवा शब्द घडवताना तो जाणूनबुजून का घ्यावा?

परिभाषाप्रेमी, नागपूर

मुलं हसतात म्हणून शब्द टाकायचा असेल तर शरीरशास्त्राचं अर्धं पुस्तक टाकावं लागेल. आठवडाभरात हसू ओसरतं, शब्द राहतो.

आणि एक व्यावहारिक गोष्ट. गोंदियाची पोरं बालाघाटला, रायपूरला शिकायला जातात. संस्कृतावर बेतलेला शब्द त्यांना हिंदी पुस्तकातही सापडेल. 'काटेदेठी' नाही सापडणार.

आर्वीकर मास्तर

सापडतो का खरंच? आपला 'कंटकचर्मी' हिंदीत 'शूलचर्मी' आहे. आपला 'छद्मपाद' तिथे 'कूटपाद' किंवा 'पादाभ'. दोन्हीकडे संस्कृतच, तरी मूल अडतंच.

पऱ्हाटीवाला, दारव्हा

मास्तर, म्या सगळं वाचलं. शब्दाचं भांडण तुमी करा, पन त्या काट्याचा वावरात काय उपेग हाय ते कोनी सांगन का? आमच्या कपाशीवर तुडतुडे येतात. पानाच्या कडा पिवळ्या पडतात, मंग लाल होतात, पान वाटीसारखं आकसते. कृषीवाले सांगतात पानामागं दोन-तीन दिसले का फवारा. तो बी तुडतुडा अन् तिकडं धानावरचा बी तुडतुडा. मंग एकच औषध दोघायले काऊन चालत नाई? नावात काई फरक असन तर तो आमाले समजला पायजे. नाई तर कंटकपाद म्हना का काटेपायी म्हना, आमाले सारखंच.

कीटकशास्त्राची विद्यार्थिनी, अकोला

दादा, तुमच्या प्रश्नाचं उत्तर त्या तंगडीवरच लिहिलेलं आहे, म्हणून मला राहवलं नाही.

कपाशीवरचा हिरवा तुडतुडा आणि धानावरचा तपकिरी तुडतुडा ही दोन वेगळी कुळं आहेत. भिंगाखाली मागची तंगडी बघा. कपाशीवरच्याच्या नळीवर वरपासून खालपर्यंत काट्यांच्या ओळी असतात. धानावरच्याच्या नळीच्या टोकाला एकच मोठा काटा असतो, आणि तो बुडाशी हलतो. मराठीत दोघांना एकच नाव पडलं, पण राहणं वेगळं, खाणं वेगळं. कपाशीवरचा पानामागे बसतो आणि तिरपा चालतो. धानावरचा चुडाच्या बुंध्याला, पाण्याच्या जरा वर बसून रस शोषतो. वरून पानांवर मारलेला फवारा त्याच्यापर्यंत पोचतच नाही.

कपाशीवरच्याच्या त्या काट्यांचं कामही आहे. अंगातून निघणारे अतिसूक्ष्म कण तो मागच्या पायांनी सगळ्या अंगावर पसरवतो, म्हणून त्याच्या अंगाला पाणी किंवा स्वतःचाच चिकट मळ धरत नाही. पायावरच्या काट्यांच्या ओळी म्हणजे त्याची फणी.

आता मूळ वादावर. मला 'कंटकपाद' नको आणि 'काटेपायी'सुद्धा अपुरा वाटतो. कीटकशास्त्रात तीन गोष्टी वेगळ्या मानतात: कवचाचाच न हलणारा उंचवटा, बुडाशी सांधा असलेला हलणारा काटा, आणि खोबणीत बसलेला जाड, राठ केस. कपाशीवरच्या तुडतुड्याच्या ओळी या तिसऱ्या प्रकारात मोडतात. आपण तिघांनाही काटाच म्हणतो. पायाला काय म्हणायचं यावर इतकी चर्चा झाली, काट्याला काय म्हणायचं यावर कोणीच बोललं नाही.

अकरावी-बारावी जीवशास्त्र, अमरावती

झाडांतही हेच. लिंबाचा आणि बेलाचा काटा पानाच्या बगलेतून येतो, फांदीचा बदललेला अवतार. बाभळीचे आणि बोरीचे काटे पानाच्या बुडाशी जोडीने येणाऱ्या छोट्या उपपर्णांचे. गुलाबाचा नुसता सालीचा, बोटाने ढकलला की मोडून येतो. इंग्रजीत तिन्हींना वेगळे शब्द आहेत. म्हणून मी परत सांगते, मूळ शब्द घ्या. त्यांच्यामागे हे सगळं बारकाव्याचं काम आधीच झालेलं आहे.

मास्तर, तुमच्या मुलांना बाभूळ 'काटेदेठी' वाटणार नाही याची काय खात्री? काटे देठाच्या अगदी बुडाशी जोडीने असतात.

आर्वीकर मास्तर

वाटेल, आणि तेव्हाच शिकवायची संधी आहे. 'देठावर' आणि 'देठाच्या बुडाशी' हा फरक आठवीचं मूल काडी हातात घेऊन दाखवू शकतं. 'कंटकपाद' म्हटलं की तो प्रश्न त्याच्या मनात उठतच नाही, कारण देठ त्या शब्दात कुठे नाहीच.

धान उत्पादक, साकोली

पऱ्हाटीवाले भाऊ, अकोल्याच्या ताईंनी सांगितलं ते आम्ही भोगतो. बांधीत, म्हणजे धानाच्या शेतात, गोल गोल चट्टे वाळताना दिसतात तोवर बुंध्याशी तुडतुड्यांचा थर झालेला असतो. युरिया जास्त झाला, लावणी दाट झाली की हमखास. बांधीतलं पाणी काढायचं, पट्टे मोकळे ठेवायचे, फवारा बुंध्यावर न्यायचा. हे ज्याला माहीत नाही तो कपाशीसारखं वरून मारतो आणि पैसा वाया घालवतो. दोन्हींना 'तुडतुडा' म्हणणं आमच्याकडे महाग पडतं.

म्हणून माझं मत मास्तरांच्या बाजूने, पण एक पाऊल पुढे. चिठ्ठीवर 'काटेपायी' लिहून थांबू नका. 'मागच्या नळीवर काट्यांच्या ओळी' आणि 'मागच्या नळीच्या टोकाला एक हलणारा काटा' असं पूर्ण वाक्य लिहा. आमच्या पोरांना विशेषण नाही मिळालं तरी चालेल.

परिभाषाप्रेमी, नागपूर

साकोलीकरांचं वाक्य शेतासाठी उत्तम आहे. पण वाक्याने कोश होत नाही, सूची होत नाही, वर्गीकरणाची किल्ली होत नाही. पन्नास नमुन्यांतून एक शोधायचा तर एका शब्दाखाली ते गोळा करावे लागतात. मी 'कंटकपाद' सोडत नाही. वनस्पतींसाठी हवं तर 'कंटकवृंत' घ्या, 'वृंत' म्हणजे देठ. मास्तरांची अट पुरी होते आणि शब्द पद्धतीतही बसतो.

आर्वीकर मास्तर

'कंटकवृंत' निदान खरं बोलतो, एवढं मान्य. सूचीसाठी ठेवू. शिंदीच्या चिठ्ठीवर मात्र 'काटेदेठी'च राहील.

कीटकशास्त्राची विद्यार्थिनी, अकोला

सर, शिंदीच्या चिठ्ठीबद्दलच एक हरकत आहे. माझी मैत्रीण वनस्पतिशास्त्र करते, तिच्याकडून पक्कं करून लिहिते. शिंदीच्या पानाचे ते खालचे काटे म्हणजे बदललेल्या पर्णिका, पानाचे सुटे छोटे भाग, आहेत. वरच्या पर्णिका रुंद राहिल्या, खालच्यांच्या सुया झाल्या. संयुक्त पानात पर्णिका जिथून निघतात तो भाग देठ धरत नाहीत, तो पानाचा मधला दांडा. खरा देठ त्याच्याही खाली, आखूडसा. मग शिंदी काटेदेठी ठरते का? ताड ठरतो, त्याचे दाते देठाच्याच कडांना आहेत.

आर्वीकर मास्तर

ताडाबद्दल वाद नाही. शिंदीबद्दल मी म्हणेन की जुन्या वर्णनांत पर्णिका नसलेला, हातात धरायचा तो सगळा भाग देठच मानला आहे, आणि पान तोडणारा माणूसही त्यालाच देठ म्हणतो. तरी उद्या दोन्ही पानं वर्गात शेजारी ठेवतो आणि काटे कुठून निघतात ते मुलांनाच शोधायला लावतो. चिठ्ठी त्यानंतर लिहू.

पऱ्हाटीवाला, दारव्हा

मास्तर, पानं तोडताना कोयता लांब दांड्याचा घ्या. अन् ते भिंग कुठं भेटते, केवढ्याले भेटते, ते बी लिवा. औंदा कपाशीवरचा तुडतुडा म्या सोता पायतो.