मूकपटातले प्रेमातले गैरसमज: गंमत की पळवाट?

चित्रवेडी:
चार रात्री लागोपाठ जुने विनोदी मूकपट पाहिले. खूप हसले, पण एक गोष्ट टोचतेय. नायिकेचा गैरसमज झाल्याशिवाय गाडी पुढे सरकतच नाही आणि तो गैरसमज एका वाक्यात मिटला असता! ‘शेरलॉक ज्युनियर’मध्ये (१९२४) प्रतिस्पर्धी नायिकेच्या वडिलांचं घड्याळ चोरून गहाण टाकतो आणि पावती नायक बस्टर कीटनच्या खिशात सरकवतो, म्हणजे चोर हाच ठरतो. ‘गोल्ड रश’मध्ये (१९२५) नायिका जॉर्जियाने तिच्या प्रियकराला, जॅकला, लिहिलेली माफीची चिठ्ठी चार्लीच्या हाती पडते आणि हा खुळा हरखतो. चॅप्लिनने १९४२ मध्ये स्वतःचं निवेदन घालून सिनेमा पुन्हा आणला तेव्हा ती चिठ्ठी चार्लीलाच लिहिलेली दाखवली. म्हणजे त्यालाही खटकलं असणार ना?

इंजिनवाला:
‘एका वाक्यात मिटला असता’? ‘द जनरल’ (१९२६) बघा. नायक जॉनी (कीटनच) ते वाक्य बोलतो! मला सैन्यात घेतलं नाही, असं सांगतो. त्याची प्रेयसी ॲनाबेल म्हणते, खोटं बोलू नकोस, गणवेश घातल्याशिवाय माझ्याशी बोलायचं नाही. इंजिनचालक म्हणून तो जास्त उपयोगी, म्हणून नाकारलाय. पण हे कारण त्यालाही कुणी सांगितलेलं नाही. बोलून काय मिटणार?

चित्रवेडी:
एक अपवाद मान्य. बाकीचं?

फुलवाली:
‘सिटी लाइट्स’ (१९३१) अपवादात टाकू नका हं. रस्ता तुंबलाय म्हणून चार्ली एका मोटारीत एका बाजूने शिरतो, दुसऱ्या बाजूने उतरतो. आंधळ्या मुलीला दाराचा आवाज येतो आणि ती त्याला गाडीचा मालक समजते. मग खरा मालक गाडीत बसून निघून जातो. तिला वाटतं, साहेब सुटे पैसे न घेताच गेले. आणि हा तिथेच, श्वास रोखून गप्प. बोलपट आल्यावर काढलेल्या मूकपटात सगळा घोळ एका आवाजावर! हे दृश्य चॅप्लिनने पुन्हापुन्हा घेतलं, ते उगाच नाही. ‘गोल्ड रश’बद्दल म्हणाल तर मला १९२५ची चिठ्ठीच आवडते. १९४२ची फारच गुळमट.

इंजिनवाला:
आणि ‘शेरलॉक’मध्ये तर नायिकाच गहाणवटीच्या दुकानात जाते आणि घड्याळ कोणी आणलं ते विचारून येते. पठ्ठ्या बस्टर तेव्हा थिएटरात प्रोजेक्टरशेजारी झोपलेला. त्याची अख्खी हेरगिरी स्वप्नात!

चित्रवेडी:
अरेच्चा, हे निसटलंच की! आज परत बघते. चिठ्ठीवरचं भांडण मात्र चालू राहील.