ब्राउझरमध्ये सुरळीत चालणारा व्हिडिओ प्लेअरमध्ये अडखळतो: हुकिंगचा संबंध असेल का?

टाळमृदंग (प्रश्न)

आमच्या गावच्या सप्ताहातील कीर्तनांचे चित्रीकरण मी दरवर्षी करतो आणि घरच्या लॅपटॉपवर तपासून मगच ते यूट्यूबवर टाकतो. लॅपटॉपवर विंडोज 10 आहे आणि कॅमेरा सेकंदाला 25 फ्रेम घेतो. गेल्या महिन्यापासून प्लेअरमध्ये फाइल लावली की दर तीन-चार सेकंदांनी चित्र क्षणभर अडते. मागे उभ्या टाळकऱ्याचे हात वर गेलेले दिसतात आणि पुढच्या क्षणी ते खाली आलेले असतात, मधला प्रवास दिसतच नाही. टाळांचा आवाज मात्र एकही ठोका न चुकता सलग ऐकू येतो. हीच फाइल क्रोममध्ये ओढून टाकली की कसलाही त्रास होत नाही.

कोडेक पॅक (व्हिडिओ उलगडून दाखवणाऱ्या सॉफ्टवेअरांचा संच) तीनदा काढून पुन्हा टाकला, ग्राफिक्सचा ड्रायव्हर नवा घेतला, पण फरक पडला नाही. दुरुस्तीवाल्यांचे म्हणणे असे की, कुठल्यातरी सॉफ्टवेअरने प्लेअरमध्ये हुक टाकला असावा, तेव्हा विंडोजच नव्याने टाकावे. हुक म्हणजे नेमके काय, आणि त्याने चित्रच का बिघडावे, आवाज का नाही? मराठी टंकनासाठी मी एक जुने सॉफ्टवेअर वापरतो, तेही हुकवर चालते असे ऐकले आहे. ते काढून टाकावे लागेल का?

पडद्यामागचा

विंडोज नव्याने टाकण्याची घाई करू नये. आपण सांगितलेल्या लक्षणांवरून कोडेकवर माझा संशय नाही, कारण कोडेक कमी पडत असता तर हालचाल जास्त असलेल्या प्रसंगांत चित्र अधिक अडखळले असते, घड्याळ लावल्यासारखे दर तीन-चार सेकंदांनी नव्हे.

तयार झालेली प्रत्येक फ्रेम पडद्याकडे पाठवताना प्लेअर डायरेक्टथ्रीडी या विंडोजच्या चित्र दाखवण्याच्या यंत्रणेतील प्रेझेंट नावाचे फंक्शन बोलावतो. पडद्यावर फ्रेमचा आकडा, तापमान किंवा संदेश दाखवणारी साधने प्लेअरच्या प्रक्रियेत स्वतःची डीएलएल, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रामला जोडता येणारी कोडची फाइल, घुसवतात (हे झाले कोड इंजेक्शन) आणि बहुधा त्या फंक्शनच्या सुरुवातीचे काही बाइट बदलून तिथे आपल्या कोडकडे जाणारी उडी लिहितात. हा झाला हुक. मूळचे बाइट बाजूला जपून ठेवलेले असतात, त्यामुळे पाहुण्याचे, म्हणजे या घुसलेल्या कोडचे, काम उरकले की मूळ फंक्शनही चालते आणि प्लेअरला यातले काही कळत नाही. अडचण वेळेची आहे. 60 हर्ट्झचा पडदा दर 16.7 मिलिसेकंदांनी ताजा होतो. पाहुण्याने त्याच वाटेवर उभे राहून एखाद्या सेन्सरचे उत्तर येण्याची किंवा नोंदवहीची फाइल लिहून होण्याची वाट पाहिली, तर तेवढा वेळ प्लेअरचा चित्र काढणारा धागाही (थ्रेड, म्हणजे प्रोग्राममधील कामाची एक स्वतंत्र रांग) थांबून राहतो. सेन्सर ठरावीक अंतराने वाचले जातात, म्हणून अडखळणेही ठरावीक अंतराने होऊ शकते.

आवाजाचा मार्ग वेगळा असतो. त्याचा थोडा साठा प्लेअर आधीच पुढे देऊन ठेवतो आणि विंडोजमध्ये तो सहसा ऑडिओडीजी या स्वतंत्र प्रक्रियेतून जातो, त्यामुळे चित्राचा धागा क्षणभर थांबला तरी ठोका चुकत नाही. शिवाय बहुतेक प्लेअर आवाजाच्या घड्याळाला प्रमाण मानून चित्र त्याच्याशी जुळवतात; उशीर झालेल्या फ्रेम दाखवत बसण्याऐवजी त्या सरळ गाळल्या जातात. टाळकऱ्याच्या हातांचा मधला प्रवास तिथेच हरवतो.

एक गोष्ट मात्र हुकच्या माथी मारू नये. 25 फ्रेमचे चित्र 60 हर्ट्झच्या पडद्यावर समान भागात बसत नाही. काही फ्रेम दोनदा तर काही तीनदा दाखवाव्या लागतात. त्यामुळे जी बारीक थरथर दिसते ती सतत असते आणि कुठलेही सॉफ्टवेअर काढल्याने जात नाही.

मोडीवाचक

क्रोममध्ये फाइल नीट चालते, हा या प्रश्नातला सर्वांत मोलाचा दुवा आहे. असल्या पाहुण्यांना क्रोमने दार बंद केले त्याला काही वर्षे झाली. नोव्हेंबर 2017 मध्ये गूगलने जाहीर केले होते की, विंडोजवर ज्यांच्या क्रोममध्ये बाहेरचा कोड घुसतो त्यांच्याकडे तो कोसळण्याची शक्यता 15 टक्क्यांनी अधिक असते. त्यानंतर 2018 मध्ये आधी इशारे आणि मग अटकाव, आणि जानेवारी 2019 च्या 72 व्या आवृत्तीपासून पूर्ण बंदी, असा टप्प्याटप्प्याचा आराखडा त्यांनी मांडला. मायक्रोसॉफ्टची सही असलेला कोड, अपंगांसाठीची साहाय्यक साधने आणि टंकनाची इनपुट साधने यांना त्यातून सूट दिली होती. फायरफॉक्समध्येही 110 व्या आवृत्तीपासून असे परके मॉड्यूल वापरकर्त्याला स्वतः अडवता येतात. साध्या प्लेअरला असला पहारेकरी नसतो, म्हणून एकच फाइल दोन ठिकाणी दोन तऱ्हांनी वागते.

पाहुणा शोधण्यासाठी मायक्रोसॉफ्टचे प्रोसेस एक्सप्लोरर घ्यावे. व्हिडिओ चालू असताना यादीतील प्लेअरवर टिचकी मारावी, खालच्या चौकटीत डीएलएलची यादी उघडावी आणि कंपनीच्या नावाचा रकाना वरून खाली वाचावा. मायक्रोसॉफ्ट, ग्राफिक्स कार्डाची कंपनी आणि खुद्द प्लेअर यांखेरीज जी नावे उरतील ती संशयित. त्यांची सॉफ्टवेअरे एकेक करून बंद करावीत आणि दर वेळी प्लेअर नव्याने उघडावा, कारण आधीच घुसलेली डीएलएल मूळ सॉफ्टवेअर बंद केल्यावर बाहेर पडेलच असे नाही.

टंकनाचे सॉफ्टवेअर लगेच काढू नका. कीबोर्डचे हुक दोन प्रकारचे असतात: एकात त्या सॉफ्टवेअरची डीएलएल खिडकी असलेल्या जवळजवळ प्रत्येक प्रोग्राममध्ये जाऊन बसते, तर दुसऱ्या, खालच्या पातळीवरच्या हुकमध्ये कळ दाबल्याची वर्दी सॉफ्टवेअरला स्वतःच्या घरीच मिळते आणि त्याला कुठे घुसावे लागत नाही. पहिला प्रकार असला तरी कळ दाबल्याशिवाय तो हुक जागा होत नाही, आणि आपण कीर्तन पाहताना टंकन करत नसाल असे मी धरून चालतो. विंडोजमधील मराठी इनस्क्रिप्ट कीबोर्डला यांपैकी कशाचीच गरज नसते, पण हात ज्या मांडणीवर बसला आहे ती सोडवत नाही, हे मलाही ठाऊक आहे.

रात्रपाळी

वरच्या उत्तरांत एक भर घालतो. अँटिव्हायरसही अनेक प्रोग्राममध्ये आपली डीएलएल घालतो, तेव्हा यादीत त्याचे नाव दिसले म्हणून घाबरून तो काढून टाकू नये. तसेच सशुल्क चित्रपट सेवेचे चित्र रेकॉर्ड करताना पडदा काळा येतो, तो असल्या हुकचा दोष नसतो. तिथे संरक्षित मार्गाने जाणारे चित्र रेकॉर्डरच्या हाती लागू नये अशी व्यवस्था मुद्दाम केलेली असते. हुक सरसकट वाईट असतो असेही नाही, पडदा रेकॉर्ड करणाऱ्या ओबीएस या सॉफ्टवेअरमधील गेम कॅप्चर (खेळाचे चित्र टिपण्याची सोय) त्याच तंत्राने चालते.

टाळमृदंग

सर्वांचे आभार. यादीत दोन परकी नावे निघाली. एक टंकनाच्या सॉफ्टवेअरचे होते. ते बंद करून पाहिले, फरक पडला नाही. दुसरे नाव फ्रेम मोजण्याच्या एका साधनाचे होते, जे सुट्टीत आलेल्या भाच्याने खेळांसाठी टाकले होते आणि जे लॅपटॉप सुरू होताच आपोआप चालू होत होते. आकडा दाखवणे त्याने बंद केलेले असल्यामुळे पडद्यावर काहीच दिसत नव्हते, पण डीएलएल प्लेअरमध्ये बसलेलीच होती. त्या साधनाच्या सेटिंगमध्ये प्लेअरची वेगळी नोंद करून तेवढ्यापुरते ते बंद केले आणि काल्याच्या कीर्तनाचे दीड तासाचे चित्रीकरण एकदाही न अडखळता पाहिले. भाच्याचे खेळही शाबूत आहेत. दोनदा-तीनदा फ्रेम दाखवण्याची ती बारीक थरथर मात्र आपण सांगितल्यापासून मला सारखी दिसू लागली आहे.