कॉनेमाराची चोरटी टीव्ही वाहिनी: सिग्नल किती लांब जायचा?

तरंगवेडा: आयर्लंडच्या पश्चिमेकडच्या कॉनेमारा भागात, नोव्हेंबर १९८७मध्ये रोसमक गावाहून आयरिश भाषेतली विनापरवाना टीव्ही वाहिनी काही दिवसच चालली. ट्रान्समीटर उंचावर ठेवला की अख्खा कॉनेमारा आवाक्यात यायला हवा ना?

डायपोल: छे! यूएचएफ (टीव्हीचा वरच्या फ्रिक्वेन्सीचा पट्टा) धरलं तर टेकडी आडवी आली की पलीकडे पडद्यावर नुसत्या मुंग्या. ६०० मेगाहर्ट्झला तरंगलांबी ५० सेंमी, म्हणजे डायपोल (अर्ध्या तरंगलांबीची साधी अँटेना) साधारण २४ सेंमीचा. अँटेना करणं सोपंच. गळती होते केबलमध्ये. आरजी-५८ ही बारीक कोॲक्सियल केबल दहा मीटर ओढली तर निम्म्याहून जास्त पॉवर वाटेतच जिरते. म्हणून ट्रान्समीटर खांबाच्या बुडाशीच हवा, आणि कनेक्टरवर घट्ट टेप. तिथला पाऊस कोकणासारखाच चिवट, ओल शिरली की संपलं.

जुनापाल: शिवाय ॲनालॉग टीव्हीच्या काळात तिथे ध्वनीची लहर चित्राच्या लहरीपेक्षा ६ मेगाहर्ट्झ वर असायची, आपल्याकडे ५.५. आपला मॉड्युलेटर (चित्र-आवाज लहरीवर चढवणारं यंत्र) लावला असता तर चित्र चकाचक, आवाज गायब!

तरंगवेडा: मग एवढ्या खटाटोपाचा उपयोग काय?

डायपोल: आयरिश भाषेतल्या वाहिनीच्या मागणीला जोर आला. ३१ ऑक्टोबर १९९६ला अधिकृत ‘तेलिफीश ना गेलगे’ सुरू झाली, आजची टीजी४. रेडिओचंही तसंच: कॉनेमारात १९७०ला चोरटं केंद्र, १९७२ला सरकारी.