आरक्यूडी २२ म्हणजे आमच्या सोसायटीखालचा खडक खराब आहे का?

पाचपाखाडीकर:

नमस्कार. ठाण्यात पाचपाखाडीला आमची तळमजला अधिक चार मजल्यांची जुनी इमारत आहे, पुनर्विकासाला निघालेली. मागच्या महिन्यात आवारात पाच बोअर मारले. आता माती परीक्षणाचा अहवाल हातात आलाय आणि रविवारच्या सभेतले दोन तास त्यातल्या एकाच आकड्यावर गेले. बोअर क्रमांक ३, खोली ९ ते १०.५ मीटर. पुढे लिहिलंय: कोअर रिकव्हरी ८०, आरक्यूडी २२, शेरा 'अतिशय निकृष्ट'.

एक सभासद म्हणाले, जमीनच सडकी आहे, एवढे मजले चढवायचेच कशाला. दुसऱ्यांना वाटतंय की पाया महाग पडणार असं दाखवून आमचं वाढीव क्षेत्रफळ कापायचा हा डाव आहे. मी समितीवर आहे आणि आयुष्यभर शाळेत गणित शिकवलंय. टक्केवारी मला कळते. पण ही टक्केवारी कशाची, हे साठ पानांत कुठेही नाही. 'रॉक क्वालिटी डेसिग्नेशन' एवढं पूर्ण रूप तेवढं दिलंय. सल्लागारांना विचारलं तर "मॅडम, ते टेक्निकल आहे" म्हणाले.

बोअर चालू असताना मी रोज खाली उतरत होते. काळपट दगडाच्या गोल कांड्या लाकडी पेटीत लावून ठेवत होते. हातात घेऊन पाहिल्या, चांगल्या जड आणि टणक होत्या. नखाने काय, किल्लीनेही धड ओरखडा उठेना. मग हा दगड निकृष्ट कसा? पेट्या अजून पंपाच्या खोलीत आहेत. कोणी नीट समजावून सांगेल का?

साईटवाला_कळवा:

मॅडम, सोपं आहे. १०० म्हणजे पक्का पाषाण. तुमचा २२, म्हणजे पक्क्या दगडाच्या पाव ताकदसुद्धा नाही. पाईल टाका, म्हणजे जमिनीत खोलवर काँक्रीटचे खांब, विषय संपला.

कोअरपेटी_ऐरोली:

ताई, तुमचा हात खोटं बोलत नाही. दगड टणकच असणार. वरच्या दादांची मात्र गल्लत झालीय, आणि ही गल्लत मी साईटवर इतक्यांदा ऐकलीय की जरा सविस्तर लिहितो. आरक्यूडी दगडाची ताकद सांगतच नाही. दगड किती तुटलेला आहे, तेवढंच सांगतो.

मी २७ वर्षं कोअर लॉगिंग केलं. बोअरमधून निघालेल्या कांड्या मोजायच्या, बघायच्या आणि त्यांची नोंद लिहायची, हेच काम. ठाणे-बेलापूर रस्त्याच्या दोन्ही अंगांना, घोडबंदरला, खाली पनवेलपर्यंत. आता निवृत्त आहे, पण पेटी दिसली की अजून वाकून बघतोच.

हिशोब असा. बॅरल, म्हणजे दगडाची कांडी कापून आत धरणारी पोकळ नळी, एका दमात जेवढं खाली जातं त्याला 'रन' म्हणतात, साधारण दीड मीटरचा. समजा त्यातून २४, ९, १७, ६, १२, ८, ३१ आणि ५ सेंटिमीटरचे तुकडे निघाले. सगळ्यांची बेरीज ११२. तिला १५० ने भागलं की ७५ टक्के, ही कोअर रिकव्हरी. आता १० सेंटिमीटरपेक्षा लांब तेवढेच घ्या: २४, १७, १२, ३१. बेरीज ८४, भागिले १५०, म्हणजे ५६ टक्के. हा आरक्यूडी. भागायचं नेहमी रनच्या पूर्ण लांबीने, हाती आलेल्या दगडाच्या लांबीने नाही. ही चूक मी छापील अहवालांतही पाहिलीय.

१९६०च्या दशकात अमेरिकेतल्या इलिनॉय विद्यापीठातले डॉन डीअर यांनी ही मोजणी आणली. त्याआधी फक्त रिकव्हरी बघायचे, आणि तिथे फसगत व्हायची: बोटाएवढ्या तुकड्यांनी पेटी भरली तरी रिकव्हरी १०० टक्के. लहान तुकडे वगळले की खडकातल्या भेगा आकड्यात उतरतात. २५ पर्यंत अतिशय निकृष्ट, ५० पर्यंत निकृष्ट, ७५ पर्यंत मध्यम, ९० पर्यंत चांगला, त्यापुढे उत्कृष्ट. तुमच्या अहवालातला शेरा या तक्त्यातून आलाय. 'निकृष्ट' हे विशेषण तिथे भेगाळलेल्या खडकाला लावलंय, दगडाच्या घट्टपणाला नाही.

याचं सगळ्यात चांगलं उदाहरण आपल्याच भागात आहे. आपल्याकडे लाव्ह्याचे थरावर थर. त्यात एक घट्ट काळा पाषाण, ज्याची खडी सगळ्यांना हवी असते. दुसरा अमिग्डलॉइडल, म्हणजे लाव्ह्यातले वायूचे बुडबुडे नंतर पांढऱ्या-हिरवट खनिजांनी भरून आलेला; नाव ग्रीकमधल्या बदामावरून पडलंय, आणि ठिपके खरंच बदामासारखे लांबट असतात. काळा पाषाण कितीतरी जास्त ताकदीचा, पण थंड होताना आकसतो आणि त्याला सांधे, म्हणजे भेगा, पडतात. अमिग्डलॉइडलला सांधे फार कमी. महापेला एका साईटवर एकाच बोअरमध्ये वर पाषाण लागला, आरक्यूडी ३८. त्याखाली अमिग्डलॉइडल, आरक्यूडी ८८, मीटरभर लांबीची अखंड कांडी. साईटवरच्या तरुण इंजिनिअरने आनंदाने फोन लावला की खालचा खडक वरच्याहून दुप्पट चांगला निघाला. मी त्याला ती कांडी पंधरवडाभर उन्हात ठेवायला सांगितली. पांढरे ठिपके सुटायला लागले आणि कडा बोटाने भुरभुरायला लागली. वरचा ३८ वाला पाषाण हातोड्याला ठणठण वाजत होता.

म्हणून हा आकडा एकटा वाचू नये. शेजारी दगडाची दाबताकद, झीज किती झालीय, सांध्यांत काय भरलंय आणि ड्रिलिंगसाठी बोअरमध्ये सोडलेलं पाणी कुठे गायब झालं, हे असलं की त्याला अर्थ येतो.

ताई, तुम्ही आता एवढं करा. पेटीतले १० सेंटिमीटरपेक्षा छोटे तुकडे बघा, त्यांची टोकं नीट बघा. खडकातली मूळची भेग असेल तर तोंडावर तांबूस-पिवळा गंज, मातीचा पापुद्रा किंवा पांढरी साय असते, कारण तिथून वर्षानुवर्षं पाणी वाहिलेलं असतं. ड्रिलिंग करताना किंवा पेटीत ठेवताना मोडलेला तुकडा आतून ताजा, राखाडी-काळा, धारदार कडेचा असतो. दोन टोकं एकमेकांना लावून हळू फिरवा. एका जागी अडकून बसली, फटीतून उजेड दिसला नाही आणि तोंडं ताजी असली, तर ते दोन तुकडे एकच धरायचे. नियमच आहे तसा. आपल्याकडे आयएस ११३१५ या भारतीय मानकाच्या भाग ११ मध्ये ही पद्धत दिलीय. घाईत हे कोणी करत नाही आणि आकडा उगाच खाली येतो.

बॅरल सिंगल ट्यूब होतं की डबल, तेही विचारा. सिंगलमध्ये कांडी बॅरलबरोबर घासत फिरते आणि चांगला दगडही तुटून येतो.

भूविज्ञान_दुसरेवर्ष:

काका, दोन शंका. १० सेंटिमीटरच का? आणि मराठीत याला काय म्हणायचं? आमच्या सरांनी 'शिला गुणवत्ता निर्देशांक' लिहून दिलंय.

कोअरपेटी_ऐरोली:

मूळ माप चार इंच. डीअर यांनी एनएक्स आकाराचा कोअर धरला होता, ५४.७ मिलिमीटर व्यासाचा. चार इंच म्हणजे त्याच्या जवळपास दुप्पट. मर्यादा ठरवलेली आहे, निसर्गाने आखून दिलेली नाही. दर ११ सेंटिमीटरवर एक भेग असली तर आरक्यूडी १००, आणि दर ९ वर असली तर शून्य. खडक मात्र दोन्हीकडे जवळपास सारखाच. परीक्षेत हे उदाहरण लिही.

आणखी एक लक्षात ठेव. बोअर उभा जातो, त्यामुळे उभ्या भेगा त्याला सापडतातच असं नाही. अंधेरीच्या गिल्बर्ट हिलचे उभे खांब पाहिले असशील. तसल्या खडकात दोन सांध्यांच्या मधोमध बोअर गेला तर आरक्यूडी ९५ येईल आणि हातभर अंतरावरचा सांधा दिसणारही नाही. उलट भेग कांडीतूनच उभी गेली आणि कांडीचे लांबट दोन भाग झाले, तर लांबी मधल्या रेषेवर मोजायची. तिला लहान तुकडे समजून वगळायचं नाही.

सरांचा शब्द चांगला आहे, पेपरात तोच लिही. साईटवर मात्र रिगवाल्यापासून सल्लागारापर्यंत सगळे आरक्यूडीच म्हणतात, आणि मला त्यात काही वावगं वाटत नाही. फक्त मराठीत समजावताना मी 'गुणवत्ता' म्हणायचं टाळतो. सभेतल्या लोकांना त्या शब्दातून ताकदच ऐकू येते. मी 'अखंड तुकड्यांचं प्रमाण' म्हणतो.

पाचपाखाडीकर:

दादा, काल दुपारी पट्टी आणि विजेरी घेऊन पंपाच्या खोलीत बसले. पेटीत लाकडी ठोकळ्यांवर ९.० आणि १०.५ रंगाने लिहिलेलं होतं, त्यामुळे रन लगेच सापडला. लांब तुकडे दोनच, १४ आणि १९. बेरीज ३३, म्हणजे २२ टक्के. अहवालातला आकडा बरोबर जुळला.

मग टोकं बघितली. ८ आणि ७ चे दोन तुकडे शेजारी होते. तोंडं अगदी ताजी, करडी-काळी, कडेने बोटाला लागेल अशी धार. फिरवले तर खटकन बसले. तसेच ९ आणि ६ चे. दोन्हीकडे १५ झाले. नवी बेरीज ६३, म्हणजे ४२ टक्के. पण उरलेले ५७ सेंटिमीटर मात्र सगळे लहान आणि सगळ्यांच्या तोंडांवर तांबूस डाग, काहींवर ओलसर चिकणमातीचा पातळ थर. ते कितीही फिरवले तरी एकजीव धरता येणार नाहीत, हे मलाही कळलं. म्हणजे अहवाल चुकलाय, पण पूर्ण चुकलेला नाही. बरोबर ना?

त्याच बोअरला पुढे १०.५ ते १२ मीटरला ६८ आणि १२ ते १३.५ ला ८१ आलाय. सभेत या दोन ओळी कोणी वाचल्याच नाहीत.

कोअरपेटी_ऐरोली:

ताई, मी शिकवलेल्या कित्येक मुलांनी इतकी काळजीपूर्वक पेटी वाचली नाही. तुमचं बरोबर आहे. ४२ सुद्धा 'निकृष्ट' गटातच बसतो, तेव्हा सभेत खडक एकदम चांगला झाला असं सांगू नका. सांगायचं ते असं: साडेदहा मीटरपर्यंत खडकाचा झिजलेला, भेगाळलेला वरचा भाग आहे आणि त्याखाली अखंड खडक सुरू होतो. आपल्याकडे पुष्कळ ठिकाणी हाच क्रम लागतो: भराव, मुरूम, भेगाळलेला खडक, मग पक्का. ६८ आणि ८१ वाचून माझ्या तरी मनातली काळजी बरीच उतरली.

आता न सापडलेल्या दगडाकडे बघा. रिकव्हरी ८० म्हणजे १५० पैकी ३० सेंटिमीटर वर आलंच नाही. ते घासून किंवा पाण्याबरोबर वाहून गेलं, आणि वाहून जाणारा भाग बहुधा सगळ्यात मऊ असतो. तुम्हाला दिसलेली चिकणमाती त्याच जातीची असावी. सल्लागारांना लेखी विचारा: ते ३० सेंटिमीटर कुठल्या खोलीचं, त्या वेळी परत येणारं पाणी कमी झालं का, आणि पाया नेमका कोणत्या पातळीवर टेकवणार. 'टेक्निकल आहे' हे उत्तर चालणार नाही. घर तुमचं आहे. कळव्याचे दादा म्हणतात तसं पाईल लागेलही, पण ती किती खोल न्यायची हे या उत्तरांवर ठरेल, २२ वर नाही.

साईटवाला_कळवा:

दादा, पटलं. मी इतकी वर्षं हा आकडा ताकद म्हणूनच वाचत होतो. आमच्या मुंब्र्याच्या साईटचा अहवाल आज पुन्हा काढतो.

पाचपाखाडीकर:

तीन प्रश्न लिहून पाठवले. उरलेल्या चार बोअरच्या पेट्याही शनिवारी बघणार आहे, शेजारच्या दोघी येणार आहेत. फोटो काढून इथे टाकू का?

कोअरपेटी_ऐरोली:

नक्की टाका. आधी कांड्यांवर ओलं फडकं फिरवा. कोरड्या दगडावर भेगा आणि डाग फोटोत नीट दिसत नाहीत. बाजूला पट्टी ठेवा, खोलीचे ठोकळे फोटोत येऊ द्या, आणि एकही तुकडा जागेवरून हलवलात तर परत त्याच जागी, त्याच तोंडाने ठेवा.